हरसूलला सगळ्यांनाच मरायचंय

...नाही, पण मी म्हणतो, माणसाला मरायची एवढी हौस असावी? तुम्हाला सांगतो, महिना झाला, डोळ्याला डोळा नाही! लोक रंगीत टीव्ही घ्यायला धावतायत आणि मी, गंगापूर रोडवरचा चालता फोटो स्टुडिओ बंद करून सिनेमा काढतोय. एकट्यानं! कथा लिहिली कोणी? मी. कॅमेरा? मी. आवाज, मेकअप, बैलांना चारा... करणार कोण? मीच!

गोष्ट साधी हो. हरसूलच्या डोंगरात गाव मिळून विहीर खणतं, म्हातारा पुंजा खणता खणता मरतो, मग पाणी लागतं आणि सगळं गाव नाचतं. संपलं! पाणी लागल्याचा तुकडा आधीच घेऊन ठेवला होता. राहिलं होतं पुंजाचं मरण आणि गावाचं नाचणं. हातात रीळ एकच. शेवटचं!

गावातलीच माणसं, आपापल्या नावानंच कामं करणारी. पुंजाला मरायला आडवा केला, तर त्याची खरी बायको अक्काबाई कमरेला पदर खोचून पुढ्यात उभी. "माझा घरवाला जित्ता हाय! त्याला मारतोस व्हय रं?" आता हिला समजावणार कोण? मीच! म्हटलं, "अक्काबाई, मेल्याची खोटी बातमी उठली की माणसाचं आयुष्य वाढतं. वाढतं की नाही?"

"वाढतं तर!" म्हणाली, आणि नवऱ्याच्या शेजारी स्वतःच आडवी झाली. "मंग माझं बी वाढव!"

झालं ना हो! शेजारची चिमणाबाई आडवी. तिची सासू आडवी. ज्याची विहीर, तो रावजी म्हणतो, "माझ्या जागंवर सिनेमा करतोस, अन् मला नाय मारायचा?" मी शहाणपणा केला, रीळ वाचवायला कॅमेऱ्याची कळ न दाबताच नुसता डोळा लावून बसलो. तर मेलेला रावजी एक डोळा उघडून म्हणतो, "सायेब, कॅमेऱ्याची गुरगुर नाय आली! नीट मार!" दाबली बाबा कळ! अहो, रांग लागली रांग! डोक्यावर बाजाराची पाटी घेतलेली माणसं वाट वाकडी करून मरून गेली! आणि मारणार कोण? मीच!

नाचायला रीळ उरलं नाही. नवं मिळेपर्यंत दिवाळी उजाडेल. मेलेले कापावेत म्हटलं, तर सगळे बजावून गेलेत, "आमचं मरण काढलंस, तर पुन्ना गावात पाय ठेवू नको."

सोमवारी मुंबईत स्पर्धेचे परीक्षक सिनेमा बघणार. इथं हुकलं, तर पुन्हा लग्नांचे फोटो. तसंच जोडलं सगळं, करतो काय! विहिरीला भडाभडा पाणी लागतं... आणि प्यायला गावात एक माणूस जिवंत नाही!