ओदेतबाईंनी कापलेला प्रसंग

माननीय अध्यक्ष श्री. फाब्रेग, व्यासपीठावरील पाहुणे, सत्कारमूर्ती ओदेत केर्वादेक, आणि ज्वँव्हिलच्या या सभागृहात जमलेल्या संकलक, ध्वनिमुद्रक व फिल्म धुणाऱ्या प्रयोगशाळेतल्या मित्रमैत्रिणींनो,

मी आज बोलणार नव्हते. पण कार्यक्रमपत्रिकेत छापलं आहे, ‘कात्री चालवताना ओदेतबाईंना कधी दुःख झालं नाही.’ हे वाक्य खोटं आहे, म्हणून मला हे भाषण लिहावं लागलं. ज्यांनी छापलं त्यांनी राग मानू नये. मानला तरी चालेल.

तीस वर्षं मी त्यांच्या शेजारच्या खोलीत चित्रपटांचा आवाज जुळवत आले. संकलकाने चित्रीकरणाच्या जागी पाऊल ठेवायचं नाही, असा बाईंचा नियम होता. का? एखादा शॉट किती हाल सोसून घेतला हे कळलं, की कापताना दया येते. दिग्दर्शक बास्तियँ लोर्सी एकदा काकुळतीला येऊन सांगत होते, की या शॉटसाठी आम्ही तीन दिवस चिखलात उभे होतो. बाई म्हणाल्या, “पडद्यावर चिखल दिसतो. तीन दिवस दिसत नाहीत.” आणि फिल्मची ती पट्टी कापून खुंटीला लटकवली.

त्याच चित्रपटात बाईंच्या मुलीला, नोल्वेनला, पहिली भूमिका मिळाली होती. प्रसंग एकच. बंदरावरच्या खानावळीत ती नायकाला सूप वाढते, तो निरोप न घेता उठून जातो, आणि ती रडायच्या ऐवजी हसते. मी तो प्रसंग संकलनाच्या यंत्रावर पाहिला आहे. नोल्वेन उत्तम होती, आणि अडचण तीच होती. तो प्रसंग संपल्यावर उरलेल्या चित्रपटभर पाहणाऱ्याचे डोळे तिलाच शोधत राहायचे. बाईंनी तो प्रसंग कितीदा काढला, कितीदा परत जोडला. शेवटी काढला.

आपल्या धंद्याची रीत तुम्ही जाणता. भूमिका कापली तर नटाला ते दिग्दर्शकाने कळवायचं, संकलकाने नाही. बाईंनी रीत पाळली. लोर्सी धरून चालले, की आई घरी सांगेलच. दोघांपैकी कुणीच सांगितलं नाही. पहिल्या खेळाला नोल्वेन ब्रेस्तहून आली ती होणारा नवरा लोईक, त्याचे आईवडील आणि आत्याकाकांची फौज घेऊन. दिवे लागल्यावर लोईकच्या वडिलांनी भाबडेपणाने विचारलं, “पोरी, तू येऊन गेलीस का गं? मला जरा डुलकी लागली होती.”

नोल्वेनने अभिनय सोडला, आणि आईशी बोलणंही. बाईंनी ती पट्टी जपून ठेवली. एकदा त्या पट्टीचा डबा घेऊन त्या ब्रेस्तला लेकीच्या दारात गेल्या; मी सोबत होते. नोल्वेनने डब्याला हात लावला नाही. म्हणाली, “आई, मला कशाला दाखवतेस? मी तिथे होतेच. लोकांनी पाहायचं होतं ते.” आत या म्हणाली नाही.

यंदा वसंतात नोल्वेन आजाराने गेली. दफनाहून परतताना, विचारू नये ते मी विचारलं. पुन्हा तीच वेळ आली तर? बाई म्हणाल्या, “कापलाच असता. पण त्याच संध्याकाळी तिला फोन केला असता.”

कुठे कापावं हे आपण सगळे बाईंकडून शिकलो. हे दुसरं बाईंना कुणी शिकवायचं होतं?

संयोजकांना तो प्रसंग आज इथे दाखवायचा होता. बाई म्हणाल्या, जावयाला विचारा. लोईक समोर बसले आहेत. ते मला म्हणाले, “तिला जे लोक हवे होते, त्यांत माझे बाबा होते. ते आता नाहीत. आज नको.” तेव्हा पडदा रिकामाच राहील.

शांतपणे ऐकून घेतलंत, आभारी आहे. माझं बोलणं कुठे कडक झालं असेल, तर पदरात घ्या.

एक नोंद राहिली. सत्काराआधी बाजूच्या खोलीत ओदेत केर्वादेक यांनी लोईक मोर्वान यांच्या हाती एक डबा दिला. आत चित्राची पट्टी आणि तिच्याशी जुळवलेली आवाजाची पट्टी. साक्षीला मी होते. डबा उघडलेला नाही.