सात नंबरचा पाय

तुम्हाला सांगते, नवस बोलताना बाईनं तोंड सांभाळावं! अंबरपेठच्या भाजीबाजारातून माझा मोबाईल गेला, आत दोनशे आरत्या होत्या हो, आणि मी तिथेच टोमॅटोच्या ढिगापाशी हात जोडले, "गणराया, चोराचा पाय मोडू दे, एकवीस संकष्ट्या करीन!" पाय कुणाचा, वय काय, काही विचार? छे! नवस मीच बोलले ना!

चोर सापडला. सोळा वर्षांचं पोर! ठाण्यात मला बघून मान खाली घातली, मग सुधारगृहात गेलं. आणि नेमका माझ्या बहिणीचा पराग तिथेच कबड्डी शिकवतो! "मावशी, रविवारी मॅच आहे. आमचा सात नंबर बघच! आधी कुणाशी बोलायचा नाही, आता चढाईला वाघ!" नावं सांगत नाहीत, कायदा आहे. आदल्या दिवशी संकष्टी झालेली, मी आपली मोदकांचा डबा घेऊन गेले.

बघते तर सात नंबर बाकावर, घोटा हा एवढा सुजलेला... आणि तोंड? तेच! माझाच चोर! पराग म्हणतो, "काल सरावात मुरगळला." काल! मी इकडे मोदक वळत होते आणि तिकडे... नवस मीच बोलले ना!

"अम्मा, फोन मैंइच लिया था... माफ करो," मला ओळखून तो आपल्या दखनी हिंदीत म्हणाला.

"अरे, तुझा पाय मीच—"

"नक्को अम्मा, मैं अपने से गिरा!"

मग मॅचभर बाकावरून संघातल्या सगळ्यात लहान पोराला ओरडत होता, "छोटे, डर नक्को!" दोन गुणांनी हरले. छोटा रडायला लागला, तर हा लंगडत गेला आणि आपल्या वाटचा मोदक त्याच्या तोंडात घातला! मला तर कुठे बघू कळेना.

आमचे हे म्हणतात, "साधी मुरगळ आहे गं! तुझ्या नवसात एवढा दम असता तर माझा गुडघा बरा झाला नसता?" म्हणोत. नवस मीच बोलले ना! त्या एकवीस तर करायच्याच, शब्द दिलाय. आणि त्याचा पाय बरा होऊन त्यानं पुढची मॅच खेळावी म्हणून नव्या एकवीस. गुरुजींना विचारलं, एकाच उपासात दोन्ही भागतील का? "नाही हो वहिनी." म्हणजे साडेतीन वर्षं!

तेव्हा एक विनंती. रागात तुम्हीही देवाला कुणाचा पाय मोडायला सांगितलं असेल, तर आजच परत घ्या. आणि उपास धरणारच असाल... तर त्यातले चार-पाच माझ्या नावावर धरा हो!