चढाई चालू आहे

जमलेल्या मंडळींनो, बसून घ्या. मागं दाराशी जे उभे आहेत त्यांनीही पुढं या, सतरंजीवर जागा आहे. मी एसटीत कंडक्टर आहे, वणी डेपोला. समोर माणसं उभी दिसली की मला भाषण सुचत नाही, तिकीट फाडावंसं वाटतं.

मी लता टेकाम. मुकुटबनची. कबड्डी खेळायची. आणि आज मला प्रल्हादकाकांबद्दल बोलायचं आहे. जमेल की नाही माहीत नाही. कारण आमच्यात कामाची वाटणी ठरलेली होती. आम्ही खेळायचो, काका बोलायचे. आज बोलायचं काम माझ्याकडं आलं आणि काका तिथं फोटोत गप्प बसलेत. हे सगळंच उलटं झालं आहे.

मी रडायचं ठरवून आले होते. खरं सांगते. बसमध्ये येताना रडतच आले. पण इथं आले, हा बॅनर पाहिला आणि माझं रडू गेलं. बघा ना तुम्हीच. सभा कोणाची? प्रल्हाद खोब्रागडे यांची. आणि काकांचा फोटो पासपोर्टएवढा, वर आपल्या आमदार साहेबांचा फोटो दरवाजाएवढा! गेलं कोण आहे, मंडळी? परगावचा माणूस आला तर साहेबांनाच हार घालेल.

आणि काकांच्या नावाआधी "कै." छापलं आहे. कैलासवासी. अहो, बौद्ध घर आहे त्यांचं. त्यांच्याकडं "कालकथित" म्हणतात. काकूंनी परवा फोन करून सांगितलं होतं, कालकथित लिहा. विलासभाऊ, तुम्ही स्पर्धा समितीचे सचिव. तुम्हालाच सांगितलं होतं ना? तुम्ही म्हणालात, बघू.

या "बघू" वर मी नंतर येते.

माझ्या आधी जे बोलले त्यांनी काकांना आवाजाचा बादशहा म्हटलं. जिल्ह्याचं भूषण म्हटलं. अजातशत्रू म्हटलं. छान. मग मला एक सांगा, हा बादशहा शेवटची इतकी वर्षं घरी काहून बसला होता? कोणी बसवला? अजातशत्रू म्हणे. ज्यांनी त्यांच्या हातातला माइक काढला, ते याच सभागृहात खुर्च्यांवर आहेत. पहिल्या रांगेत.

आता काकांबद्दल बोलते. नव्या पोरांना माहीत नसेल.

काका आर्णीच्या मार्केट यार्डात एका अडत्याकडं होते. कापसाची, तुरीची बोली लागायची, त्या हर्रासात बोली पुकारायचं काम त्यांचं. श्वास न घेता बोलायची सवय तिथली. पुढं जिल्ह्यात केबल चॅनेल सुरू झालं, कबड्डीचे सामने टीव्हीवर दाखवायला लागले, तेव्हा कोणीतरी म्हणालं, त्या हर्रासवाल्याला आणा. आणला. आणि मग यवतमाळपासून वणीपर्यंत घराघरात काकांचा आवाज जायला लागला. मैदानातल्या भोंग्यावर तोच आवाज, टीव्हीवर तोच आवाज. चॅनेलवाल्यांनी एकदा सांगितलं, जरा शुद्ध बोलत जा. काका म्हणाले, "पकड झाली का सुटली, हे लोकाईले समजलं ना? मंग झालं."

पण तेव्हा समालोचन फक्त पुरुषांच्या सामन्यांना होतं. आमच्या सामन्यांना काय होतं माहीत आहे? गाणी. होय, गाणी! पोरी मैदानात जीव तोडून खेळून राह्यल्या आणि टीव्हीवर मागून सिनेमातलं गाणं. खाली साडीच्या दुकानाची जाहिरात. समितीचं म्हणणं, बायांच्या खेळात सांगण्यासारखं काय असतं?

काकांनी कोणाला विचारलं नाही. एका वर्षी आम्ही लिंबाखाली गुडघ्याला पट्ट्या बांधत बसलो होतो, तिथं हा माणूस येऊन चक्क मातीत बसला. पांढरा सदरा घालून. म्हणाले, "पोरीहो, नावं सांगा. नंबर नका सांगू, नंबर मले दिसते. पुरं नाव, गाव, बापाचं नाव. घरी काय हाक मारतात तेही सांगा." माझं नाव विचारलं. मी लाजून हळूच सांगितलं. तर म्हणाले, "अवं, ज्या पोरीले आपलं नाव मोठ्यानं सांगता येत नाई ते चढाईत दम कसा घुमवते?" सगळ्या हसल्या. मग मी ओरडून सांगितलं. काका मान डोलावून पुढच्या पोरीकडं वळले.

त्या दिवशी काका आमच्या सामन्याला माइकवर बसले आणि गाणी बंद झाली. आमच्या गावच्या पानठेल्यावर टीव्ही होता. माझे बाबा तिथं पान खायला उभे होते. त्यांना माझं खेळणं पटत नव्हतं. चार लोकांत पोरगी चड्डी घालून खेळते म्हणून ते पानठेल्यावरसुद्धा मान खाली घालून जायचे. आणि टीव्हीतून आवाज आला, "ही मुकुटबनची लता टेकाम. गंगारामभाऊची पोरगी. पाय पाहा तिचे, जमिनीले लागतात का नाई समजत नाई." बाबा घरी येऊन आईला एवढंच म्हणाले, "त्या मानसानं माह्यं नाव टीव्हीत घेतलं." पुढच्या सामन्याला बाबा मला सोडायला बसस्टँडवर आले. माझी नोकरी खेळाडूंच्या कोट्यातून लागली, मंडळी. पण त्या आधी मला घरातून बाहेर काढलं ते काकांच्या त्या दोन वाक्यांनी.

आता मुद्द्यावर येते. का बसवलं घरी?

आपल्याकडची पद्धत तुम्हाला माहीत आहे. सामना चालू असतो, पोरं झुंजत असतात, आणि मध्येच भोंग्यावर सुरू. अमुक साहेबांचं आगमन झालेलं आहे, तमुक शेठचं आगमन झालेलं आहे, मंडळातर्फे हार्दिक स्वागत. इकडं पकड झाली काय, सुटली काय, कोणाला पत्ता नाही. समालोचकाच्या टेबलावर चिठ्ठ्या येत राहतात, तो वाचत राहतो. सगळे वाचतात.

काका वाचायचे नाहीत. म्हणजे वाचायचे, पण चढाई संपल्यावर. चढाई असते किती? अर्धा मिनिट. तेवढा वेळ दम धरून एक पोरगी सात जणींमध्ये एकटी असते. काका म्हणायचे, "चालू चढाईत मी कोनाचंच नाव घेत नाई. माह्या बापाचं बी नाई. तेवढा टाइम तिचा हाये."

एवढाच नियम. साधा. यात कोणाचा अपमान होता? सांगा ना!

आणि तो सामना आला. इथंच, आर्णीच्या मैदानावर, महिलांची फायनल. आम्ही एका गुणानं मागं. शेवटची चढाई. मी गेले. आणि त्याच वेळी साहेबांच्या गाड्या मैदानात शिरल्या.

त्या वेळी काय झालं ते मला मैदानात कळलं नाही. नंतर सलीमभाईंनी सांगितलं. सलीमभाई कॅमेऱ्यावर होते, ते आजही कॅमेरा घेऊन बसले आहेत तिकडं खांबापाशी. काकांच्या टेबलावर पहिली चिठ्ठी आली. साहेबांचं आगमन जाहीर करा. काकांनी ती पाण्याच्या ग्लासाखाली ठेवली. दुसरी आली. तीही ग्लासाखाली. मग विलासभाऊ स्वतः आले आणि त्यांनी माइकला हात घातला. खोटं असेल तर उठून सांगा, विलासभाऊ. सलीमभाईंकडं रेकॉर्डिंग आहे, त्यात माइकची खरखर ऐकू येते. आणि त्या खरखरीतही काका बोलत आहेत. "लता गेली. डाव्या कोपऱ्याकडं पाहून राह्यली, पण मन तिचं उजवीकडं हाये. शिवलं! दोघींले शिवलं! घोटा धरला तिचा. पडली. लता, हात लांब कर. हात लांब कर, माय!"

समालोचकानं कोणाची बाजू घ्यायची नसते. त्या दिवशी घेतली त्यांनी. मला तर मैदानात फक्त तेवढंच ऐकू आलं. हात लांब कर, माय. मी केला. मध्यरेषेला बोट लागलं. आम्ही जिंकलो.

मग काकांनी माइकवर सांगितलं, "चढाई संपली. आता साहेब आले हायेत, त्याईचं स्वागत. साहेब, चांगली चढाई हुकली तुमची."

सगळं मैदान हसलं. साहेबही हसले, गाडीतून उतरता उतरता. पण पुढच्या वर्षी स्पर्धा आली आणि काकांना फोन गेला नाही. तुम्हाला काढलं असं कोणी सांगितलं नाही. भांडण नाही, कागद नाही, काही नाही. चॅनेलवाले म्हणाले, समिती सांगेल तसं. समिती म्हणाली, बघू. नागपूरहून एक नवा गडी आणला, तो प्रत्येक चढाईला "धमाका" म्हणून ओरडतो आणि पोरींची नावं चुकवतो. माझी भाची खेळते. तिला तो दोन वर्षं झाली पिवळी जर्सी म्हणून राह्यला!

काका दरवर्षी विचारायचे. शेवटी तर म्हणाले, टीव्ही नको, फक्त भोंगा द्या. पुरुषांचे सामने नको, फक्त पोरींचे द्या. उत्तर? बघू. काकू सांगतात, स्पर्धा जवळ आली की ते पांढरा सदरा इस्तरी करून खुंटीला लावायचे. स्पर्धा संपली की काकू तो सदरा घडी करून पेटीत ठेवायच्या.

मी गेल्या वर्षी त्यांच्या घरी गेले होते. ड्यूटी आर्णीपर्यंत होती, गाडी उभी होती, म्हटलं भेटून येऊ. दारातूनच आवाज आला. तोच आवाज! मला वाटलं, अरे, लागला वाटतं काकांचा नंबर परत. आत गेले तर टीव्हीवर पोरींचा सामना चालू, आवाज बंद केलेला, आणि काका पलंगावर बसून समालोचन करून राह्यले. समोर ऐकायला एकट्या काकू, तुरीच्या शेंगा सोलत. प्रत्येक पोरीचं नाव घेत होते. नावं कुठून आणली? खेड्यापाड्यांत फोन करून विचारून घेतली होती. मला पाहिलं आणि थोडे शरमले. म्हणाले, "माह्या तोंडाले सवय हाये ना, बाई. बंद नाई होत."

मी तिथं काकूंशेजारी बसून शेंगा सोलायला लागले. आज बोलते. हा माणूस हार्ट अटॅकनं गेला असं डॉक्टर म्हणतात. म्हणू द्या. मी त्यांना गप्प बसवलेलं पाहिलं आहे. बोलणाऱ्या माणसाला गप्प बसवलं की तो कशानं जातो, ते डॉक्टरला विचारायची मला गरज नाही.

आणि आज, थोड्या वेळापूर्वी, विलासभाऊंनी याच माइकवरून जाहीर केलं, यंदापासून "प्रल्हाद खोब्रागडे स्मृती चषक". साहेबांच्या हस्ते. टाळ्यापण वाजल्या. शोकसभेत टाळ्या!

जिवंतपणी माइक नाही दिला, आता चषक देता? काकूंना विचारलं का? मी विचारलं. टाळ्या वाजत होत्या तेव्हाच त्या माझ्या कानात म्हणाल्या, "लता, मले कप नको. त्याईले म्हणा, तो नियम ठेवा." ऐकलं ना, विलासभाऊ? घरच्यांना चषक नको आहे. नियम हवा आहे. चढाई चालू असताना भोंग्यावर कोणाचं आगमन नाही, कोणाचं स्वागत नाही. साहेब असो, शेठ असो, कलेक्टर असो, अर्धा मिनिट दारात थांबेल. हे मान्य असेल तर काकांचं नाव वापरा. नसेल तर चषकाला तुमचंच नाव द्या. आणि "बघू" म्हणू नका. आज हो म्हणा, नाहीतर नाही म्हणा. मी उत्तर घेतल्याशिवाय...

थांबा. काय आहे हे?

चिठ्ठी आली, मंडळी. मला चिठ्ठी आली आहे. वाचून दाखवते. "साहेब आले आहेत. आटोपतं घ्या. आगमन जाहीर करायचे आहे."

बाहेर हॉर्न ऐकू येऊन राह्यले, बरोबर. विलासभाऊ, कायले उठले? तुम्हाला या वयात पुन्हा माइक ओढायचा आहे का? काकांनी एका हातानं धरला होता. मी रोज भरलेल्या गाडीत एका हातानं दांडा धरून तिकिटं फाडते. ओढून पाहा.

हा पाण्याचा ग्लास. ही चिठ्ठी. ठेवली ग्लासाखाली.

विलासभाऊ, बसा. चढाई चालू आहे.

मंडळी, आता सगळे उभे राहा. पण दाराकडं तोंड करून नाही. फोटोकडं तोंड करून. काकू, तुम्ही बसूनच राहा. सलीमभाई, कॅमेरा दाराकडं वळवू नका. साहेब दारात असतील तर त्यांनाही माझी विनंती आहे, आहात तिथंच उभे राहा, आमच्यासारखेच. दोन मिनिटं कोणी कोणाचं नाव घ्यायचं नाही. एवढा टाइम काकांचा आहे.

काका, मी मुकुटबनची लता टेकाम, गंगारामभाऊची पोरगी. मोठ्यानं सांगतलं ना?

जय भीम, काका.

शांतता.