बसून खाल्ल्याची शपथ

...आवं, उभं का? बसा की त्या पोत्यावर. गुऱ्हाळात आल्यालं मानूस रस पिल्याबिगार माघारी जाईत न्हाई, आमची कराडाकडची रीत हाय ती — घ्या, आलं ठेचून टाकलंय. ढेपा बघाय आला न्हवं? बघा की! सांगलीच्या अडतीला असला पिवळाधमक गूळ दुसऱ्या कुनाचा येत आसंल तर नाव नाथाजी सांगनार न्हाई. ऊस बाळासोचा, गुऱ्हाळ बाळासोचं, पन गुळव्या मी. काहील चुलवानावरनं कवा उतरायची ते मी सांगायचं. मी हूं म्हटल्याबिगार ह्या चौघा गड्यांतला एक काहिलीच्या कडीला हात लावायचा न्हाई. लिवून घेताय? घ्या, घ्या — नाथाजी, गुळव्या, मुक्काम मलकापूर. दुसरा हंगाम हाय.

तसा मी गिरनीतला. सांगलीला कापडाच्या गिरनीत बारा वर्सं माग चालिवला. मग काढलं. कशापायी? तर महागाईभत्ता मागाय चौघं गेलो, त्यात तोंड माझं पुढं. मॅनेजर म्हनला, नाथाजी कामचुकार हाय. मी! कामचुकार! संस्थान गेलं, नवं सरकार आलं, तवा कामगार कोर्टात दावा लावला — कामावर परत घ्या, आन् काढल्यापास्नंचा पगार द्या. वकील लय हुशार. त्यो म्हनला, मधी कुटं कमावलं आसशील तर मागचा पगार बुडला, शपथंवर सांग, काडी हालीवली न्हाई. घ्या! गिरनी आळशी म्हनती म्हून मी कोर्टात गेलो, आन् कोर्टात जिकायचं तर मीच हात जोडून म्हनायचं — व्हय जी, दीड वरीस बायकोच्या जिवावर बसून खाल्लं. आमची साळूबाई मागं बाकावर हुती. तिनं पदर तोंडाला लावला. हसत हुती का रडत, आजून कळलं न्हाई मला. लाज वाटली, सायेब, खरं सांगतो. आमच्यात चोर म्हटल्यालं चालंल, पन बसून खातो म्हटल्यालं न्हाई. म्हून तर मानूस भेटला की मी सांगतो, कोर्टात बोललो ते कोर्टापुरतं. वकील म्हनतो, तोंड शिव. पन तुमी अडतीवालं, तुमाला सांगितलं तर काय बिघडतंय?

अडत कुनाची म्हनला तुमची?

काय?

गिरनीकडनं? माझ्याच चौकशीला?

मग रस कशाला पिला वो!

न्हाई — ऐका — मी आपला हितं बसाय येतो. बाळासो आत्तेभाऊ माझा. थंडीचं दिस, चुलवानापाशी ऊब आसती. गुळातलं मला काय कळतंय? मगाचं ते खोडा की. — माझ्याकडं काय बघताय रं? तुमचं तुमी बघा! दादासो, काहील उतराय आली का म्हून मला काय इचारतोस? मला काय ठावं? मी बसलोय नुसता. बसलोय न्हवं, सायेब? बघा, हात बी मांडीवर हायत.

...बुडबुडं बारीक झालं.

...वास फिरला. आजून जरा ऱ्हायली तर करपनार. बाळासोचा समदा गूळ काळा पडनार, कुत्रं हुंगायचं न्हाई —

उतरा! उतरा म्हनतो न्हवं! धरा कड्या — दादासो, तुझी बाजू वर घे, वर! — हां!

लिवा, सायेब. नाथाजीनं आपल्या तोंडानं हुकूम सोडला म्हून लिवा. पगार गेला. जाऊ दे — जाऊ दे कसं? जीव तुटतोय माझा. साळूबाईला कोन्त्या तोंडानं सांगू? पन ह्यो मानूस बसून खात न्हवता, तेवढं तुमच्या हातानं कागदावर येऊ द्या, गिरनीच्या कागदावर. झालं लिवून? मग उठा त्या पोत्यावरनं, सरका तिकडं. गूळ वतायचाय.