मामांची चारची चिठ्ठी

डोंगरात जायचं तर आमच्या मामांबरोबर जावं, गड्या. फौजेतनं सुभेदार म्हणून रिटायर झाल्यात, आता इस्लामपूरला असत्यात. निघायच्या आदी मामीच्या हातात चिठ्ठी देत्यात, कुठला गड, कुठली वाट, किती माणसं. वर हुकूम, "चारला माझा फोन आला न्हाई तर खालच्या गावच्या सरपंचाला फोन लाव. एक मिनिट थांबू नगंस."

मागच्या हिवाळ्यात आमी पाटणकडच्या एका गडावर गेलो. उतरताना मामांना पाण्याच्या टाक्यापाशी लोकांनी टाकलेल्या बाटल्या दिसल्या. झालं! पिशवीतनं पोती काढून लागले की गोळा करायला.

मी म्हणलं, "आवं मामा, चार वाजलं. हितं रेंजबी न्हाई."

"तुझ्या मामीला कळतंय रं, थोडं पुढंमागं व्हतंय."

मामीनं चार वाजून एक मिनिटानं फोन लावला. साडेपाचला सरपंच पंधरा माणसं घेऊन धापा टाकत वर आले. बरोबर दोर, काठ्या आणि जखमी माणूस न्यायला चक्क एक बाज!

"सुभेदार, कुणाला लागलं?"

मामा बाटल्या चेपत बसलेले. शांतपणे म्हणले, "कुणाला न्हाई. पर बाज आणलीसा ते लय बेस केलं. ठेवा ही पोती तिच्यावर."

चौघांनी बाज खांद्यावर घेतली. कचऱ्याची पालखीच निघाली म्हण की!

आवंदा परत निघालो, तवा मामांनी आदीच सरपंचांना फोन केला. ते म्हणले, "या की सुभेदार. फकस्त सांगा, एक बाज पुरंल का दोन आणू?"