फोटो नसलेले तीन महिने

थोरली : ठमीचा डबा वॉर्डातून तसाच परत आला. तुझ्या हातून घेईल म्हणालीस ना? बघ, झाकणसुद्धा उघडलेलं नाही.

धाकटी : डब्याचं राहू दे, ताई. नात्यात कुणाला असा आजार होता का, असं डॉक्टरांनी विचारलं. तू काय सांगितलंस?

थोरली : नाही म्हटलं. खोटं काय त्यात? आपल्या माहेरी कुणी होतं?

धाकटी : माहेरी नव्हतं. माझ्या सासूबाईंना होतं.

थोरली : काय?

धाकटी : भिंतीला कान लावून बसायच्या. आतून कुणीतरी शिव्या देतंय म्हणायच्या, ठमी आता म्हणते तसंच. पुढे एका गोळीने उतार पडला. बाहेर आम्ही डोकेदुखी सांगायचो.

थोरली : आणि बावीस वर्षं मूग गिळून बसलीस! तीन महिन्यांचं पोर माझ्या मांडीवर ठेवलंस, तेव्हा तरी तोंड उघडायचंस!

धाकटी : उघडलं असतं तर घेतली असतीस?

थोरली : घेतली असती गं. डोळे मिटून घेतली असती. मला मूल नाही म्हणून दिलीस, असंच मी समजत होते.

धाकटी : तेही होतंच. पण मुलगे मोठे होते, दिवसभर बाहेर हुंदडायचे. हिचा पाळणा सासूबाईंच्याच खोलीत. त्यांची ती बडबड ऐकत वाढली तर तशीच होईल, अशी धास्ती घेतली होती मी. आता मुलगे त्याच घरात वाढून ठणठणीत आहेत, आणि ही...

थोरली : म्हणजे माझ्याच घरात काहीतरी बिनसलं. सरळ म्हण की!

धाकटी : तसं नाही गं.

थोरली : मी तर तेच उगाळत बसते. परीक्षेसाठी हात धुऊन मागे लागले, त्याने झालं? मैत्रिणीकडे राहायला सोडलं नाही, त्याने? आता तू म्हणतेस, रक्तातून आलं. आलं असेल बाई. मग मी सुटले. पण रक्ताचंच धरायचं तर मी तिची कोण? सुटायचं तर आईपण सोडायचं, हा कुठला न्याय?

धाकटी : डॉक्टर म्हणाल्या ना, काही जन्माचं असतं, काही भोवतालचं. नेमकं कुणालाच सांगता येत नाही.

थोरली : त्यांचं काय जातंय! मला एक नाव हवंय. तुझं नाहीतर माझं.

धाकटी : ती तुला बघून काय ओरडते?

थोरली : माहीत आहे तुला.

धाकटी : तरी सांग.

थोरली : "ही माझी आई नाही." डॉक्टर म्हणतात, हा भ्रम आहे. हे म्हणायची थांबली की औषध लागू पडलं असं समजायचं.

धाकटी : आणि तू मान डोलावलीस?

थोरली : काय करणार होते?

धाकटी : घरातल्या सगळ्या फ्रेमा तिने उतरवल्या होत्या, ते कशासाठी?

थोरली : वयाप्रमाणे ओळीने मांडल्या हॉलभर. आम्हाला वाटलं, डोकं फिरलं. मला म्हणाली, "आई, फोटो स्टुडिओ आपला. शेजारच्या मांजरीच्या पिल्लांचेसुद्धा फोटो काढलेत बाबांनी. मग माझा पहिल्या तीन महिन्यांतला एकही कसा नाही?" मी म्हटलं, रोल खराब झाला.

धाकटी : तिने मानलं?

थोरली : कुठलं मानतेय! मग महिनाभरात ते आवाज सुरू झाले.

धाकटी : आवाज येतात तो आजार, ताई. पण हे तिने नीट बघितलंय. आपण खऱ्यावर औषध देतोय तिला.

थोरली : गप्प बस. तुझ्या मुलांची लग्नं व्हायचीत. सासूबाईंचं बाहेर फुटलं तर स्थळं पळतील.

धाकटी : पळू देत. एकदा भीतीपोटी ती देऊन टाकली. पुन्हा भ्यायचं नाही मला.

(आतलं दार उघडतं.)

सिस्टर : डॉक्टरांनी बोलावलंय. फक्त पेशंटच्या आईने यायचं. आई कोण तुमच्यातली?

धाकटी : ताई, जा तू.

थोरली : ही आई.

सिस्टर : अहो, रोज तर तुम्ही येता! मग तुम्ही कोण?

थोरली : मी मावशी. पण मलाही सोडा आत, सिस्टर. रोल खराब झाला नव्हता, एवढंच सांगायचंय तिला.