माहीनच्या हस्ते

वसुधा : मी नाही तिच्या हातात ही शाल देणार. नारळही नाही. आणि तुम्हीही द्यायचा नाही, सांगून ठेवते.

नरेंद्र : अगं हळू बोल. पलीकडेच पाहुणे चहा घेतायत. खेमेंटेचा, म्हणजे नगरपालिकेचा हॉल आहे, भिंती पुठ्ठ्याच्या असतात यांच्या.

वसुधा : ऐकू दे की. त्यांना कुठे मराठी कळतंय!

नरेंद्र : पण झालं काय? इतका रंगला पहिला भाग. ही व्याख्यानमाला सुरू केल्यापासून हॉलंडातल्या आपल्या या रायस्वाइकच्या मराठी मंडळींना एवढं शांत बसलेलं मी पाहिलं नव्हतं. मध्यंतरात आणखी चहा सांगायला स्वयंपाकघरात येतो, तर तू शाल पोटाशी धरून उभी!

वसुधा : माहीन बाहेर सायकलींपाशी उभी आहे. पावसात. आत ये म्हटलं तर नुसती मान हलवते.

नरेंद्र : माहीन म्हणजे आपली दातांची डॉक्टर?

वसुधा : दुसऱ्या किती माहीन ठाऊक आहेत तुम्हाला? तुमची रूट कॅनाल केली ती. आणि शहाणपणा माझाच. पाहुणे इराणचे, शेजारीण इराणची, म्हणून तिच्या हस्ते सत्कार! केवढं सुचलं होतं मला. ती म्हणाली, नको, मला नको सांगूस. मी म्हटलं, अगं असं कसं. ती परत नको म्हणाली. आपल्यात नाही का, दोनदा नाही म्हणायचं आणि तिसऱ्यांदा लाजत लाजत हो. तिच्यातही तसंच असतं, तिनंच सांगितलं होतं मला. तिसऱ्यांदा ती गप्प बसली. मी आनंदानं पत्रिकेत नाव घातलं.

नरेंद्र : मग आता काय बिघडलं?

वसुधा : ते नको खरं होतं. तुमचे हे डॉक्टर नादेरी, थोर सुधारक, यांनी तिच्या वडिलांना नोकरीवरून काढलं होतं.

नरेंद्र : काहीतरीच. नादेरींना स्वतःला पाच वर्षं तुरुंगात टाकलं होतं त्या सरकारनं. ये, अपूर्वा, बरी आलीस. तू लायडनला यांच्यावरच पीएचडी करतेस ना? सांग तुझ्या काकूला.

अपूर्वा : काका, पाच मिनिटांत सेकंड हाफ सुरू करायचाय. ते विचारतायत की प्रश्नोत्तरं आधी की सत्कार आधी. काय सांगू काकूला?

वसुधा : तो क्रांतीनंतर विद्यापीठं बंद करणाऱ्यांत होता का, ते सांग.

अपूर्वा : कोणी सांगितलं?

वसुधा : म्हणजे होता.

अपूर्वा : ऐंशी साली सगळ्या युनिव्हर्सिटीज बंद केल्या होत्या त्यांनी, दोन-तीन वर्षं. कोण प्राध्यापक राहणार, कोण जाणार, हे ठरवायला कमिट्या होत्या. तेव्हाची तरुण क्रांतिकारक मुलं असायची त्यांत. नंतर त्यांच्यातलेच काही जण लिबरल झाले, रिफॉर्मिस्ट झाले, पेपर काढले, जेलमध्ये गेले. नादेरी तसेच. हा काही फक्त त्यांचा इतिहास नाही, काकू. त्या अख्ख्या पिढीचा आहे.

वसुधा : पिढी नाही आली चहाला. हा आलाय. माहीनचे वडील हुशंग, शिराझकडे एका कॉलेजात केमिस्ट्री शिकवायचे. या माणसानं त्यांना समोर बसवून विचारलं, नमाज पढता का? ते म्हणाले, ते देवाला सांगीन, तू केमिस्ट्रीतलं विचार. संपलं. पुढे आयुष्यभर शेजारच्या मुलांच्या शिकवण्या, त्याही दार लावून. माहीन तेव्हा बारा वर्षांची होती, वडिलांबरोबर गेली होती, बाहेर बाकावर बसून होती. त्याचा चेहरा विसरेल ती?

नरेंद्र : हे... हे फार वाईट झालं. पण आज त्याचं काय करायचं? पाहुणे आहेत ते आपले.

वसुधा : आणि तुला माहीत होतं, अपूर्वा.

अपूर्वा : माहीन यांचं नव्हतं माहीत. आईशप्पथ. मी त्यांच्याकडे फारसी शिकते, पण वडिलांचा विषय त्या कधी काढतच नाहीत.

वसुधा : त्याचं माहीत होतं.

अपूर्वा : हो. तळटीप आहे थिसिसमध्ये.

वसुधा : तळटीप!

अपूर्वा : तुम्हाला कळत नाहीये, काकू. त्यांच्या दोन मुलाखती बाकी आहेत. खासगी कागद त्यांनी फक्त मला बघू दिलेत. ऑगस्टमध्ये माझं कॉन्ट्रॅक्ट संपतंय. तो विषय काढला की ते उठून जातात, एका जर्मन रिसर्चरला तर त्यांनी भेटणंच कायमचं बंद केलं. मी शेवटच्या मुलाखतीत विचारणार होते.

वसुधा : आज भाषणात काय केलं त्यानं? १९०६ च्या राज्यघटनेसाठी लढलेले ते विद्वान सांगितले, इतकं छान सांगितलं की मी फोडणीचं कढलं गॅसवर विसरले. मग शहा, मग क्रांती, आणि तिथून टुणकन उडी थेट सुधारकांनी जिंकलेल्या सत्त्याण्णवच्या निवडणुकीवर. मधली वर्षं गिळली! आणि आपण माना डोलावतोय. शिसारी आली मला. त्याची आली, तुमची आली, आणि मी केलेल्या त्या बटाटेवड्यांचीसुद्धा आली.

नरेंद्र : वसुधा, माणूस बदलतो. बदललेल्या माणसालाच आपण सुधारक म्हणतो ना? त्यानं तुरुंग भोगला.

अपूर्वा : तुरुंग त्यांना त्यांच्या लेखांसाठी झाला, काका. प्राध्यापकांसाठी नाही.

वसुधा : हे चांगलं बोललीस. आता हेच बाहेर बोल. माहीनला एकच विचारायचंय त्याला. मला म्हणाली, माफी नको, काही नको. ज्यांना काढलंत त्यांच्यातल्या एकाचं तरी नाव आठवतं का? एवढंच.

नरेंद्र : हे पहा, प्रश्न अध्यक्षांमार्फत जातात, ही आपली पद्धत आहे. आणि सत्कारमूर्तीला व्यासपीठावर असला प्रश्न विचारणं हे औचित्याला धरून नाही. आपण काय न्यायालय आहोत?

वसुधा : व्यासपीठावर मागे आपल्या सुधारकांचे फोटो तुम्हीच लावलेत ना, हार घालून? काढून ठेवा ते आधी.

नरेंद्र : त्याचा इथे काय संबंध!

वसुधा : काहीच नाही. तेच तर म्हणतेय.

अपूर्वा : मी विचारते.

नरेंद्र : अपूर्वा, विचार कर. तुझं इतक्या वर्षांचं काम आहे.

अपूर्वा : केलाय. काकू, माहीन यांचे शब्द परत एकदा सांगा. मला माझ्याकडून काही घालायचं नाहीये त्यात.

(सत्कार उरकला आहे. हॉलमध्ये खुर्च्या एकावर एक रचल्या जात आहेत.)

नरेंद्र : व्वा! मी उगाच घाबरत होतो. असा प्रांजळपणा मी उभ्या आयुष्यात ऐकला नाही. डोळ्यांत पाणी आलं माझ्या, शाल मीच घातली. समोर अख्खा हॉल उभा राहिला!

वसुधा : मी नव्हते उभी.

नरेंद्र : तू दारात होतीस म्हणून. काय म्हणाले ते, अपूर्वा? पहाटेचं काहीतरी.

अपूर्वा : मी तेवीस वर्षांचा होतो, आणि तेविसाव्या वर्षी प्रत्येकाला वाटतं की पहाट आपल्याच हातून उगवणार आहे.

नरेंद्र : बघ! आणि पुढे, त्या पहाटेची सावली मी आजही पाठीवर वाहतो. क्या बात है!

वसुधा : प्रश्न काय होता हो?

नरेंद्र : अं?

वसुधा : प्रश्न. नाव विचारलं होतं ना एक? पहाट सांगितली, सावली सांगितली, आईची आठवण सांगितली, तुरुंगातल्या खिडकीतली चिमणी सांगितली. हुशंगबिशंग कोणी आलं त्यात? दुसरा कोणी आला? अहो, इतक्यांना काढणारा माणूस एक तरी आडनाव लक्षात ठेवतो. आणि फारसीत का शिरला मध्येच? तोवर फाडफाड इंग्रजी चाललं होतं.

अपूर्वा : म्हणाले, ही गोष्ट मला माझ्या आईच्या भाषेतच सांगता येईल.

वसुधा : आणि तू ती मराठीत इतकी गोड केलीस की त्याच्यापेक्षा तुझ्याच वाक्यांना जास्त टाळ्या पडल्या.

अपूर्वा : माहितीये मला. मी म्हणाले, जसंच्या तसं सांगायचं. आणि ते बोलत गेले तशी मला छान छान वाक्यं सुचत गेली. थांबताच येईना. ते नाव नाही सांगत आहेत, हे मला कळत होतं, काकू. तोंडातून पहाटच बाहेर येत होती. घाण वाटतेय मला.

नरेंद्र : काय हे! उलट तुझं तर भलंच झालं. उठून जातील म्हणत होतीस, गेले का?

अपूर्वा : नाही. बुधवारी जेवायला बोलावलंय. म्हणाले, इतक्या सुंदर प्रश्नाची मी चाळीस वर्षं वाट पाहत होतो. थिसिसमध्ये यावर एक अख्खं प्रकरण कर. कागद देतो म्हणाले, आणखी.

वसुधा : जाणारेस?

अपूर्वा : काय करू मी?

वसुधा : मला नको विचारूस. मीही शेवटी सगळ्यांना वडे वाढलेच की. त्यालाही वाढले. दोन खाल्ले त्यानं, आणि वर मला म्हणाला, तुमच्या हातांना देवाचा आशीर्वाद.

नरेंद्र : माहीन गेली का?

वसुधा : आत्ताच. सायकलला किल्ली लागेना तिच्याच्यानं, मी लावून दिली. टाळ्या बाहेरपर्यंत आल्या होत्या. एवढ्या टाळ्या ऐकून तिचा चेहरा... नको ते. तिला वाटलं, सांगितलं असणार त्यानं, म्हणूनच वाजतायत. माझा हात धरून विचारलंन, घेतलं का गं त्यानं नाव?

अपूर्वा : मग तुम्ही काय म्हणालात?

वसुधा : म्हटलं, घेतलं असेल बाई. टाळ्यांत मला नीट ऐकू आलं नाही.